ऊर्फ

“तुमचं ऊर्फ काय?” चौगुले मास्तरांनी मला विचारलं.

“मला ऊर्फ नाही. मिलिंद खरवंडीकर. एवढंच.”

“एवढंच?” फळ्यावर टेकलेला खडू त्यांनी उचलला आणि आजारी माणसाकडं बघावं तसं माझ्याकडं बघितलं. “मग उद्या तुमी गेलासा, तर लोकास्नी कळणार कसं?”

“पेपरात येतं. फोटोसकट.”

“म्हंजे फोटोवरनं कळतंय. नावावरनं न्हाई,” असं म्हणून ते परत फळ्याकडं वळले.

ही सतरा वर्षांपूर्वीची गोष्ट. दिल्लीच्या एका संस्थेनं मला माहितीपटासाठी अनुदान दिलं होतं. विषय होता ‘दैनंदिन जीवनातील अस्मिता आणि स्मृती’. अर्जात हा विषय मीच लिहिला होता, त्यामुळं त्याचा अर्थ विचारायला माझ्याकडं कुणी नव्हतं. माझा कॅमेरामन दळवी. त्याची निम्मी हयात लग्नाच्या शूटिंगात गेली होती. गाडीत बसल्यावर त्यानं एकदाच विचारलं, “अस्मिता म्हणजे नवरी का?” मी नाही म्हणालो. मग तो उदगोळी येईपर्यंत झोपला.

उदगोळी हे कृष्णाकाठचं मोठं गाव. चौकात पिंपळाच्या पारालगत एक काळा फळा होता आणि त्यावर पांढऱ्या रंगात कायमचं लिहिलेलं होतं : ‘निधन वार्ता’. खालचा मजकूर बदलत असे. चौगुले मास्तर हे गावच्या हायस्कुलातले निवृत्त चित्रकलाशिक्षक. निवृत्त झाल्यापासून फळा त्यांच्याकडं होता. गावात कुणी गेलं की घरचं माणूस त्यांच्याकडं यायचं, आणि मास्तर धुतलेलं धोतर नेसून, फळा ओल्या फडक्यानं पुसून, असं अक्षर काढायचे की मेलेल्या माणसाचा हेवा वाटावा.

त्या दिवशी फळ्यावर होतं : ‘कै. बाळगोंडा आप्पासो पाटील ऊर्फ रेडिओ’.

एक म्हातारी पिशवी घेऊन चालली होती. ती थांबली. “काय लिवलंय वो?” तिनं कुणाला तरी विचारलं.

“बाळगोंडा पाटील गेलं, आजी.”

“कोण बाळगोंडा?”

“रेडिओ.”

“आगं आई गं! रेडिओ बंद पडला!” म्हातारीनं पिशवी खाली ठेवली आणि पदर डोळ्याला लावला.

माझा विषय मला तिथं सापडला. दळवीला म्हणालो, “हे घेतलंस?” तो म्हणाला, “आजी आडव्या आल्या.” मी आजींपाशी गेलो आणि म्हणालो, “आजी, पुन्हा एकदा रडाल का?”

त्यांनी रडून दाखवलं नाही. पण ते वाक्य गावभर गेलं. दुसऱ्या दिवशी चहाच्या टपरीवरून हाक आली, “ओ पुन्हासाहेब, च्या घेनार का?” मास्तरांना हे कळलं तेव्हा त्यांना फार बरं वाटलं. “झाली तुमची सोय,” ते म्हणाले. “आता निवांत मरा.”

मास्तरांपाशी एक वही होती. त्यात गावातली चारशे बारा ऊर्फं त्यांनी लिहून ठेवली होती, खऱ्या नावासमोर. पारावर बसून ते एकेकाची हकीकत सांगत आणि दळवी टेप भरत राही. ‘पावणेसात’ हे नाव घड्याळ बंद पडूनही मनगटावरून न काढणाऱ्या एका ग्रामसेवकाचं. ‘वकील’ कधी कोर्टाची पायरी चढला नव्हता, पण बायकोशी मुद्देसूद भांडायचा. ‘गोवा’ हा एकदा गोव्याला जाऊन आला होता.

“आणि हे?” मी वहीत बोट ठेवलं. “शांतिनाथ देवाप्पा मगदूम ऊर्फ बाद्या. बाद्या का?”

मास्तरांनी वही मिटली. “इसरलो,” ते म्हणाले.

चारशे अकरा लक्षात असलेल्या माणसाला चारशे बारावं आठवत नव्हतं. मला कुतूहल वाटू लागलं. कुतूहल हा माझा पोटापाण्याचा धंदा, पण त्या दिवशी ते खरोखरचं होतं.

बाद्याचं सायकलचं दुकान बसस्टँडच्या मागं होतं. सत्तावन-अठ्ठावन वर्षांचा किडकिडीत माणूस. दम्यानं छाती भात्यासारखी वाजत होती आणि तो एका सायकलीत हवा भरत होता. टायरचा आवाज कुठला आणि त्याचा कुठला, हे दळवीला हेडफोन लावूनही कळेना.

“तुम्हाला बाद्या का म्हणतात?” मी विचारलं.

“मास्तरांनी सांगितलं न्हाई व्हय?”

“ते म्हणाले, विसरलो.”

त्यानं पंप थांबवला. हसायला लागला, हसताहसता खोकायला लागला, मग भिंतीला टेकून बसला. “मास्तर इसरलं? बरं झालं की मग.” वंगणाचे हात त्यानं फडक्याला पुसले. “कबड्डीत बाद झालतो. एकदा.”

“एकदा बाद झालात म्हणून बेचाळीस वर्षं?”

“फायनल हुती, साहेब. तालुक्याची ढाल. शेवटची चढाई माझी.”

“आणि खरंच बाद झाला होतात?”

तो आपल्या बोटांच्या टोकांकडं बघत राहिला. त्यांवर काही नव्हतं. “पंचानं शिट्टी मारली की बाद,” तो म्हणाला. “त्येच्या पुढं खरं-खोटं काय ऱ्हातंय?”

“पंच कोण होते?”

“क्यामेरा बंद करा. गिऱ्हाईक आलंय.”

गिऱ्हाईक कुणी आलं नव्हतं. मी सवयीनं म्हणालो, “हे शेवटचं पुन्हा एकदा सांगाल का?” तो म्हणाला, “पुन्हासाहेब, काही गोष्टी एकदाच हुत्यात.”

ढालीची बाकीची हकीकत मला गुळाच्या अडत दुकानात मिळाली. अडतीचे मालक शांतिनाथ भूपाल मगदूम. हे त्या संघाचे कप्तान, आणि मास्तरांच्या वहीत ज्याला ऊर्फ नाही असा गावातला एकमेव माणूस. गादीवर बसून त्यांनी पोट पुढं करून सांगितलं :

“अवो, एकाच वर्गात दोन शांतिनाथ मगदूम. सरांनी हजेरी घेतली की दोघं उठून हुबं. फायनलला ह्यो बाद झाला आन् ढाल पलीकडच्या गावाला गेली. मी तिथंच ग्राउंडावर म्हनलो, आजपास्नं ह्यो बाद्या. मिटला घोटाळा. शांतिनाथ म्हंजे मी.”

“त्यांना वाईट नाही वाटलं?”

“वाईट? ढाल घालवली त्येनं. बेचाळीस वर्सं झाली, आमच्या शाळंत ढाल ठेवायचं कपाट हाय. मोकळं.” शेठ गहिवरून आले. “गूळ खा.”

पाचव्या दिवशी सकाळी साताला आम्ही पारावर गेलो, तर मास्तर आधीच फळ्यापाशी होते. फळा पुसलेला. त्यांच्यासमोर तिशीची एक बाई उभी होती. केस विंचरलेले नव्हते, पायांत दोन वेगवेगळ्या चपला. बाद्याची लेक त्रिशला, बापाचा दमा वाढला म्हणून सासरहून आलेली. पहाटे बाप खोकत उठला, पाणी मागितलं आणि पाणी यायच्या आत गेला होता.

“मास्तर, आप्पाचं नुसतं नाव लिवायचं,” ती म्हणत होती. “ऊर्फ न्हाई.”

“त्रिशला, नुसतं लिवलं तर कुणाला कळंल?”

“न कळू दे.”

“बाळ, अकराला माती हाय. मानसं नकोत का? खांदा द्याला तरी?”

“मास्तर, माझं सासरचं पावनं मला बघाय आलं तवा गावात दोन चकरा मारल्या त्येंनी. शांतिनाथ मगदूमाचं घर कुठलं, तर समदी गुळाच्या अडतीवर धाडत हुती. शेवटी एकानं सांगितलं, बाद्याकडं जायचं हाय व्हय? आजून माझी सासू भाजीत मीठ कमी पडलं तरी म्हनती, बाद्याचीच पोरगी.” त्या भागातल्या बायकांसारखी ती स्वतःबद्दल पुरुषासारखी बोलत होती. “मी सांगतो तुमास्नी. जिता हुता तवर गप बसलो. आता मेल्यावर बी फळ्यावर बाद लिवनार? चार मानसं आली तरी चालतील, पर माझ्या बापाचं नाव घिऊन आली पायजेत.”

 मास्तरांनी लिहिलं : ‘कै. शांतिनाथ देवाप्पा मगदूम. अंत्ययात्रा सकाळी अकरा वाजता राहत्या घरातून निघेल.’ एरवी ते लिहून झाल्यावर दोन पावलं मागं सरून अक्षर बघत. त्या दिवशी बघितलं नाही.

दळवी म्हणाला, “घेतलं.” माझ्या बाजूनं दृश्य छान झालं होतं. व्यक्तीला तिचं मूळ नाव परत मिळालं, अस्मिता पुनर्प्रस्थापित झाली. दिल्लीला पाठवायच्या अहवालाचं वाक्य मी मनात जुळवत बसलो.

साडेसातला दूधवाला आला. फळा वाचून त्यानं सायकलीवरनं उडीच मारली. “आयला! शेठ गेलं?” आणि तो तसाच गुळाच्या अडतीकडं सुटला. त्याच्यामागं चहावाला, मग ‘पावणेसात’, मग ‘वकील’. मधल्या नावाकडं कुणी बघेना. आठपर्यंत चौकातून पंधरावीस माणसं टोप्या सारख्या करत तिकडं गेली. मास्तर “अरे, ते न्हवं” म्हणेपर्यंत लोक कोपऱ्यावर पोचलेले असत. बातमी सांगायची घाई माणसाला ऐकू देत नाही.

सव्वाआठला खुद्द शेठ आले. लुंगी, बनियन, हातात पोह्यांची बशी. मागं पन्नास माणसं, त्यांतल्या दोघांच्या हातांत हार.

“मास्तर!” चौकाच्या पलीकडूनच ते ओरडले. “मला मारलासा?”

“शेठ, ते तुमी न्हवं.”

“मी न्हवं तर कोण? शांतिनाथ मगदूम गावात कोण हाय दुसरा? हितं लिवलंय की धडधडीत! पोहे खायालोय आन् दारात मानसं रडत्यात. माझी भन निपाणीसनं निघाली!”

“देवाप्पा वाचा की. भूपाल न्हाई, देवाप्पा.”

“कोण देवाप्पा?”

“बाद्या,” गर्दीतून कुणीतरी हळूच म्हणालं.

 शेठच्या बशीतला एक पोहा खाली पडला. “आसं व्हय,” ते म्हणाले. “मग तसं लिवायचं न्हाई का?”

गर्दी हसली. माणूस गेला होता याचं कुणाला वाईट वाटलं नाही असं नाही, पण आधी हसू आलं. हार कुणाच्या गळ्यात घालायचा यावर दोघांचा वाद लागला. मग ‘वकील’ म्हणाला, “झाला का घोटाळा? आता ह्ये पुसा आन् ऊर्फ टाका, मास्तर. जे हाय ते हाय.” ज्यांना कळलं ते कळलेलं घेऊन पांगले. पण गाव मोठं, आणि ‘शेठ जिवंत हायत’ ही बातमी ‘बाद्या गेला’ या बातमीच्या बरीच पुढं पळत होती.

साडेनवाला मी बसस्टँडमागं बाद्याच्या घराकडं जाऊन आलो. अंगणात सात माणसं होती. त्यांतला एक दुकानाच्या जागेचा मालक.

साडेदहाला त्रिशला स्वतः आली. चपला अजून वेगवेगळ्याच. फळ्यासमोर उभी राहिली आणि तिनं ते नाव पहिल्यापासून शेवटपर्यंत वाचलं.

“म्हंजे आप्पाचं नाव बी आप्पाचं ऱ्हायलं न्हाई,” ती म्हणाली. “लिवा, मास्तर. ऊर्फ लिवा. निदान मानसं तरी येतील.”

हेच व्हावं असं सकाळपासून सगळ्यांना वाटत होतं. मास्तरांच्या हातात खडू होता. ते पाराच्या पायरीवर बसले. शेठ कपडे करून, टोपी घालून नुकतेच चौकात आले होते, तेही थांबले. मी दळवीला खूण केली.

“त्रिशला,” मास्तर म्हणाले, “तुझा बाप बाद नव्हता.”



“शाळंचं क्रीडासर तापानं पडलंतं. मला म्हनलं, चौगुले, पंच व्हा. मी चोवीस वर्सांचा, चित्रकलेचा मास्तर. ग्राउंडावरच्या पांढऱ्या रेषा मीच मारलेल्या, फक्कीनं. दोनी संघ बरोबरीला. शेवटची चढाई शांतिनाथची. चौघांनी धरलं त्येला, पालथा पाडला. त्यो तसाच सरकत आला. मला वाटलं, दम तुटला. मी शिट्टी मारली. बाद म्हनलो. त्यो उठला आन् नुसता हात पुढं केला माझ्याम्होरं. काय बोलला न्हाई.” मास्तरांनी आपला खडूचा हात उघडला. “बोटांच्या टोकाला फक्की. मधल्या रेषंची. रेषा मी मारलेली, मला कळणार न्हाई व्हय? आन् ओठ हलत हुतं त्येचं. कबड्डी कबड्डी म्हनतच हुता. दम चालू हुता.”

“मग?” त्रिशलानं विचारलं.

“शिट्टी मागं घ्याची कशी? आमच्याच शाळंचं ग्राउंड, आमचीच पोरं. पलीकडच्या गावची शेदोनशे मानसं बघालीत. म्हनतील, आपल्या पोराला जितवलं मास्तरानं. मला त्येची लाज वाटली, बाळ. उद्या सांगू म्हनलं. दुसऱ्या दिवशी वर्गात गेलो, हजेरी घेतली. शांतिनाथ मगदूम म्हनलो, तर एकच उठला.”

त्यांनी शेठकडं बघितलं नाही.

 त्रिशलानं मास्तरांना शिव्या घातल्या असत्या तर मला आश्चर्य वाटलं नसतं, मास्तरांनाही नसतं. तिनं फळ्याच्या खुंटीवरचं फडकं काढलं, नळावर जाऊन ओलं करून आणलं, आणि त्यांच्या हातात दिलं.

“लिवा मग,” ती म्हणाली. “अकरा वाजाय आलं.”

मास्तर उठले. नाव पुसलं नाही, फक्त खालची ओळ पुसली. ‘शांतिनाथ देवाप्पा मगदूम’ याच्या पुढं त्यांनी लिहिलं, ‘ऊर्फ बाद्या’. थांबले. मग खाली, फळ्याच्या रुंदीभर, मुलाला अक्षर गिरवायला द्यावं तसं मोठं :

‘बाद नव्हता.’

त्याखाली वेळ. आणि त्याखाली, आजवर कधी केली नव्हती ती सही : भी. बा. चौगुले, पंच.

शेठ पुढं आले. त्यांनी ते वाचलं. चष्मा पुसून पुन्हा वाचलं. ओठ हलत होते, पण आवाज येत नव्हता.

“बाद नव्हता?” शेवटी ते म्हणाले. “मग आपुन हारलो कसं?”

“मी हरवलं तुमास्नी,” मास्तर म्हणाले.

बेचाळीस वर्षांचं मोकळं कपाट शेठच्या डोळ्यांपुढून गेलं असावं. ते मास्तरांवर हात टाकतात की काय, असं मला क्षणभर वाटलं. पण ते वळले. चहाच्या टपरीवर दहाबारा जण बसले होते, त्यांच्याकडं बघून त्यांनी अशी आरोळी ठोकली की पिंपळावरचे कावळे उठले.

“आरं उठा की! च्या काय पितायसा? शांत्या गेला!”

“कोण शांत्या?” टपरीवरून कुणीतरी विचारलं.

“माझ्या संघातला!” शेठ म्हणाले, आणि टोपी काढून हातात घेऊन, पोट सावरत, त्रिशलाच्या माहेरच्या घराकडं चालू लागले. माणसं फळ्यापाशी येत, वाचत, एकमेकांकडं बघत आणि त्यांच्यामागं निघत. सगळ्यांना कोण गेलं ते कळत होतं. वाचायला आधीपेक्षा थोडा वेळ लागत होता, एवढंच. त्रिशला मात्र त्यांच्यात नव्हती. ती कधीच पुढं गेली होती.

अकराला पाच कमी असताना चौकात मास्तर, दळवी आणि मी असे तिघंच उरलो. मास्तरांनी धोतराला हात पुसले नाहीत. पांढरी झालेली बोटं जरा लांब धरून ते बघत होते. मग माझ्याकडं वळले.

“पुन्हासाहेब, घेतलासा का ह्ये?”

मी दळवीकडं बघितलं. दळवीनं जिंदगीत लाजलेला चेहरा केला नव्हता, तो तेव्हा केला. “टेप संपली,” तो म्हणाला. “नवीन घालत होतो. ‘ऊर्फ’पर्यंत आलंय. पुढचं नाही.”

एवढा जमून आलेला माहितीपट, दिल्लीचं अनुदान, अस्मिता, स्मृती, सगळं ‘बाद नव्हता’ या दोन शब्दांत होतं आणि ते दोन शब्द टेपवर नव्हते. मास्तरांना हे कळलं. भला माणूस. त्यांनी फडकं उचललं.

“पुसून परत लिवू का?” त्यांनी विचारलं. “मला काय, हाय तसंच येतंय.”

लांबून, बसस्टँडच्या मागून, माणसांचा आवाज येत होता. बराच मोठा. मास्तर फडकं धरून थांबले होते आणि दळवीनं कॅमेरा खांद्यावर घेतला होता. दोघंही मी काय म्हणणार याची वाट बघत होते, आणि मी काय म्हणणार हे त्या गावात सगळ्यांनाच माहीत होतं.

“नको,” मी म्हणालो. “चला, मातीला जाऊ.”

त्या दिवशी मी नावाला जागलो नाही.